दिशा कोण ठरवतं?

देशावरच्या जुन्या गावाचा नकाशा काढायला बसलं की एक गोष्ट चटकन डोळ्यांत भरते. देऊळ, चावडी, पाटलाचा वाडा मध्यावर. भोवती कुणब्यांची, माळ्यांची घरं, त्यांच्या कडेने सुतार, कुंभार, न्हावी. आणि गावकुसाबाहेर, मधे मोकळी जागा सोडून, महारवाडा आणि मांगवाडा. कित्येक गावांत ही बाहेरची वस्ती पूर्वेच्या अंगाला किंवा ओढ्याच्या खालच्या बाजूला सापडते. का, असं गावातल्या एखाद्या म्हाताऱ्याला विचारा. तो सहज सांगून जातो : वारा पश्चिमेकडून येतो आणि पाणी वरून खाली जातं. त्यांच्या अंगावरून आलेला वारा आणि त्यांनी शिवलेलं पाणी गावात येऊ नये, एवढ्यासाठी ही आखणी.

इंग्लंडमधल्या जुन्या औद्योगिक शहरांतही गरिबांच्या वस्त्या पूर्वेला असतात. लंडनचं ईस्ट एंड सगळ्यांना ठाऊक आहे, पण ते एकटं नाही. हेब्लिख, ट्र्यू आणि झिल्बरबर्ग या तीन अर्थशास्त्रज्ञांनी ७० इंग्लिश शहरांतली १८८० च्या सुमाराची जवळपास ५,००० धुरांडी जुन्या नकाशांवरून शोधून काढली आणि त्यांचा धूर कुठे पसरत असेल याचं गणित मांडलं. तिथेही वारे मुख्यतः पश्चिमेचेच. काजळी पूर्वेला साचत गेली, ज्यांना परवडलं ते पश्चिमेला सरकले, ज्यांना परवडलं नाही ते धुरात राहिले. १९५६ च्या कायद्यानंतर हवा हळूहळू निवळली, पुढे गिरण्याही बंद पडल्या. पूर्वेच्या वस्त्या मात्र बऱ्याच ठिकाणी गरीबच राहिल्या.

तिथल्या वाऱ्यात काजळी तरी होती. आपल्याकडच्या वाऱ्यात काहीच नव्हतं, नुसती समजूत होती. दोघांनी वस्त्या मात्र सारख्याच चोखपणे वेगळ्या केल्या.

वस्त्यांच्या या फाटाफुटीला समाजशास्त्रात अवकाशीय ध्रुवीकरण म्हणतात. ध्रुवीकरणाची मूळ वहिवाट पदार्थविज्ञानातली. समाजाबद्दल बोलताना तिथली उपमा आपण उचलतो आणि ‘दोन टोकं झाली’ एवढ्यावर सोडून देतो. माझी तक्रार अशी की उपमेचा कामाचा भाग तसाच पडून राहतो. पदार्थविज्ञान ‘टोकं झाली’ म्हणून थांबत नाही. ती कशामुळे झाली आणि कारण काढून घेतलं तर मोडतील का, हे दोन प्रश्न ते लगेच विचारतं.

दुसरा प्रश्न आधी घेऊ, कारण तो सोपा आहे. काचेचा किंवा अभ्रकाचा तुकडा विद्युतक्षेत्रात ठेवला की त्यातला धन आणि ऋण भार एकमेकांपासून किंचित सरकतो. क्षेत्र काढलं की भार मूळ जागी येतो आणि काच सगळं विसरते. पोलादाचं तसं नाही. ते चुंबकीय क्षेत्रात ठेवून बाहेर काढलं तरी काही चुंबकत्व त्यात उरतं. ते शून्यावर आणायचं तर नुसतं क्षेत्र काढून भागत नाही, उलट दिशेने पुरेसा जोर लावावा लागतो. निवडणुकीच्या आधीचा महिना-दीड महिना वातावरण तापतं आणि निकालानंतर माणसं पुन्हा एकमेकांच्या टपरीवर चहा प्यायला लागतात, ते ध्रुवीकरण काचेचं. ज्या दिवशी त्याच भीतीपोटी कुणी घर विकून ‘आपल्या’ वस्तीत घर घेतं, त्या दिवसापासून ते पोलादाचं होतं. मतं पाच वर्षांत फिरू शकतात. वीस वर्षांचं गृहकर्ज, मुलांची शाळा आणि रेशनकार्डावरचा पत्ता इतक्या सहज फिरत नाही.

आता पहिला प्रश्न, कारणाचा.

अमेरिकन अर्थशास्त्रज्ञ थॉमस शेलिंग यांनी १९७१ साली एक निबंध लिहिला. त्याची सुरुवात घरातल्या टेबलावर झाली होती. मुलाच्या नाण्यांच्या संग्रहातली तांब्याची आणि जस्ताची नाणी त्यांनी चौकटींच्या पटावर मांडली, मधे काही घरं रिकामी ठेवली आणि एक साधा नियम केला : आपल्या शेजाऱ्यांत साधारण तिघांतला एक तरी आपल्या रंगाचा असावा, नसेल तर नाण्याने उठून रिकाम्या घरात जावं. मागणी किती माफक आहे पाहा. दोन तृतीयांश शेजारी परके असले तरी या नाण्याची तक्रार नाही. तरीही एक नाणं उठलं की मागच्यांचं गणित बिघडतं, मग त्यातलं एखादं उठतं, आणि थोड्याच फेऱ्यांत पटावर तांब्याचे आणि जस्ताचे वेगळे मोहल्ले उभे राहतात. सगळं स्थिरावतं तेव्हा एकेका नाण्याच्या दहा शेजाऱ्यांत सातच्या आसपास त्याच्याच रंगाचे असतात. इतकं कुणी मागितलेलंच नव्हतं.

हा खेळ पदार्थविज्ञानवाल्यांना ओळखीचा वाटावा असाच आहे. हँबुर्गमध्ये विल्हेल्म लेंझ यांच्या हाताखाली एर्न्स्ट इझिंग या विद्यार्थ्याने १९२४ साली लोहचुंबकाचं असंच एक चित्र अभ्यासलं होतं. जाळ्याच्या प्रत्येक गाठीवर एक बाण, वर किंवा खाली तोंड केलेला. प्रत्येक बाण फक्त शेजाऱ्यांकडे पाहतो आणि त्यांच्यासारखं होऊ बघतो. उष्णता त्याला इकडेतिकडे हिसके देत राहते. एका ओळीतल्या बाणांची एकजूट कधीच टिकत नाही, असं इझिंगला आढळलं आणि मॉडेल निरुपयोगी आहे अशा समजुतीने तो बाजूला झाला. पुढे सपाट जाळ्यात ती टिकते असं दिसलं. १९४४ मध्ये लार्स ऑन्सागर यांनी त्याचं अचूक गणित सोडवलं.

आपल्याकडे हा पट कसा चालतो ते पाहायचं असेल तर पुण्या-मुंबईत भाड्याचं घर शोधावं. एजंट फोनवर आधी ‘फॅमिली आहे ना?’ विचारतो, मग आडनाव, मग ‘व्हेज की नॉनव्हेज?’ आडनाव ऐकून थोडा थांबतो. ‘ओनरचं काही नाही हो सर, सोसायटी ऐकत नाही.’ सेक्रेटरींना गाठावं तर ते म्हणतात, ‘कमिटीची हरकत नाही, पण मेंबर लोकांचं कसं असतं...’ आणि जिन्यात भेटलेले मेंबर सांगतात, ‘आम्हाला चालेल हो, वरच्या काकूंना वासाचा त्रास होतो.’ काकूंपर्यंत कुणी पोचत नाही. माझा अंदाज असा की काकूही समोरच्या फ्लॅटकडे बोट दाखवतील. या इमारतीत कट्टर माणूस एकही नसेल. शेलिंगचं म्हणणं नेमकं हेच आहे : दुष्टावा न शोधताही दुही समजावून सांगता येते.

पण हे स्पष्टीकरण जरा जास्तच सोयीचं आहे, म्हणून मला त्याचा संशय येतो. सगळेच थोडे-थोडे जबाबदार म्हटलं की कुणालाच जाब विचारता येत नाही. ‘लोकांना आपापल्यांतच राहायला आवडतं’ हे वाक्य मग गावकुसालाही लावता येतं आणि अमेरिकेलाही. तिथे १९३० च्या दशकात सरकारी संस्थेनेच शहरांचे नकाशे रंगवून काळ्या लोकांच्या वस्त्या लाल केल्या होत्या, आणि त्या लाल रंगात घरकर्ज मिळणं जवळपास अशक्य होतं. संघटित भेदभाव आणि आर्थिक दरी ही वेगळी कारणं आहेत, असं शेलिंगने निबंधाच्या सुरुवातीलाच बजावून ठेवलं होतं. पुढे दाखले देणाऱ्यांनी नाण्यांचा खेळ तेवढा उचलला.

इथे बाणांचं जाळं उपयोगी पडतं. बाहेरचं चुंबकीय क्षेत्र नसताना ते थंड केलं तर एकजूट होते, पण वर की खाली हे ठरलेलं नसतं. शंभर जाळी थंड करा, निम्म्याच्या आसपास वर झुकतील, उरलेली खाली. शंभरच्या शंभर एकाच बाजूला झुकली तर मात्र समजावं की खोलीत कुठेतरी चुंबक ठेवलेला आहे. वस्त्यांनाही हीच कसोटी लावावी. वेगळेपण नुसत्या शेजारआवडीतून आलं असतं तर एका गावात महारवाडा पूर्वेला, दुसऱ्यात पश्चिमेला, तिसऱ्यात चावडीला लागून आणि चौथ्यात पाटलाचाच वाडा गावकुसाबाहेर, असं दिसलं असतं. तसं कुठे दिसतं? गावागणिक कोण आत आणि कोण बाहेर याचं उत्तर बदलत नाही. आवडी बदलत्या असतात. इतकं न बदलणारं उत्तर नियमाचं असतं, मग तो कागदावर असो वा नसो.

या मॉडेलांच्या कर्त्यांवर काय गुजरली, तेही इथे सांगितलं पाहिजे. इझिंग ज्यू होता. १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आल्यावर त्याची नोकरी गेली, १९३९ मध्ये तो लक्झेंबर्गला पळाला आणि तिथे जर्मन सैन्य आल्यावर त्याच्याकडून सक्तीची मजुरी करून घेतली गेली. शेलिंगचा निबंध ज्या नियतकालिकात आला, त्याच्याच त्याच वर्षीच्या खंडात जेम्स साकोडा यांचाही चौकटींच्या पटावरचाच निबंध होता. साकोडा जपानी वंशाचे, कॅलिफोर्नियात जन्मलेले अमेरिकन नागरिक. दुसऱ्या महायुद्धात सरकारने त्यांना इतर जपानी वंशीयांसोबत छावणीत टाकलं, आणि तिथली माणसं कशी जवळ-दूर होतात याच्या निरीक्षणांतून त्यांचा पट निघाला. शेजाऱ्यांच्या प्रभावाची गणितं मांडणाऱ्या या दोघांना वेगळं काढलं ते शेजाऱ्यांच्या आवडीने नव्हे, सरकारी हुकमाने.

गोष्ट इथेच संपवली तर सोपी होईल, पण बाबासाहेब आंबेडकर ती तशी राहू देत नाहीत. जुलै १९४२ मध्ये नागपूरच्या परिषदेत दलितांसाठी स्वतंत्र गावांची मागणी झाली, आणि १९४७ च्या ‘स्टेट्स अँड मायनॉरिटीज’मध्ये त्यांनी ती घटनात्मक तरतूद म्हणून मांडली. वेगळं ठेवलेल्यांनी वेगळेपण मागितलं, हे पाहून आजही काही जण गोंधळतात. त्यात विसंगती नाही. गावकुसाबाहेरची वस्ती गावाच्या पाण्यावर, गावाच्या कामावर आणि गावाच्या मर्जीवर जगत होती. मागणी होती ती जमीन हातात असलेल्या, कुणाच्याही चावडीला जोडलेल्या नसलेल्या गावाची. मुंबईत १९९२-९३ च्या दंगलींत सुमारे ९०० माणसं गेली आणि नंतर अनेक मुसलमान कुटुंबं मुंब्र्याला राहायला गेली. तीही स्वतःच्या पायांनी गेली. वरून घेतलेल्या छायाचित्रात तिन्ही वस्त्या सारख्याच दिसतील. क्षेत्राची दिशा गणितातून निघते. त्या दिशेला कोण ढकललं गेलं आणि कोण सुटकेसाठी निघालं, हे माणसांनाच विचारावं लागतं. उपमेची मर्यादा इथे येते.

सरासरीने होणारी फसवणूक मात्र गणितातच पकडता येते. लोखंडाचा साधा खिळा कुठलीही टाचणी ओढत नाही, म्हणून त्याच्या आत चुंबकत्व नाही असं वाटतं. प्रत्यक्षात तो सूक्ष्म प्रांतांत विभागलेला असतो आणि प्रत्येक प्रांत पूर्ण चुंबकित असतो. दिशा वेगवेगळ्या म्हणून बेरीज शून्य. शहरांच्या आकडेवारीतही असंच होतं. भारतातल्या सुमारे १५ लाख छोट्या वस्त्यांच्या २०११ ते २०१३ मधल्या माहितीवर बेतलेल्या एका अभ्यासात दिसलं की शहराच्या किंवा जिल्ह्याच्या पातळीवर सोयींच्या वाटपातला अन्याय फारसा नजरेत येत नाही. एकाच शहराच्या आत, वस्तीवस्तीत पाहिलं की मुसलमान आणि दलित वस्त्यांजवळ सरकारी शाळा-दवाखाने कमी आढळतात. आपलं शहर सर्वसमावेशक आहे असं महापौर म्हणतात तेव्हा ते खिळ्याबद्दल खरं बोलत असतात.

आता स्मृतीकडे. महाराष्ट्राचा बहुतेक भाग ज्या काळ्या कातळावर उभा आहे तो सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हारसातून थिजला. त्यातले मॅग्नेटाइटचे कण निवताना, ५८० अंशांच्या खाली उतरताना, त्या वेळच्या पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राची दिशा पकडून बसले. क्षेत्र पुढे अनेकदा उलटलं आणि भारत विषुववृत्ताच्या दक्षिणेकडून इथवर सरकला, तरी कातळात ती जुनी दिशा आहे. क्लेग, डॉइच आणि ग्रिफिथ्स यांनी १९५० च्या दशकात ती मोजली, आणि खंड सरकतात या म्हणण्याला तिचा मोठा आधार मिळाला. वितळलेला दगड कोरा असतो. निवताना भोवती जे क्षेत्र असेल, मग ते कितीही दुबळं असो, ते त्याच्यात कायमचं उतरतं.

३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीच्या भूकंपाने लातूर-उस्मानाबादची गावंच्या गावं कोरी केली. बावन्न गावं नव्या जागी, नव्या आराखड्याने वसवली गेली. गावकूस नव्हतं, जुनी वाट नव्हती. जुनी मांडणी पुसायची अशी संधी पुन्हा येणार नव्हती. पण घराचा आकार जुन्या जमीनधारणेवर ठरला : भूमिहीनाला आणि अल्पभूधारकाला २५० चौरस फूट, मोठ्या शेतकऱ्याला ७५०. अनेक ठिकाणी सारख्या आकाराची घरं एका पट्ट्यात आली. भूमिहीन बहुतेक कोण होते, हे मराठवाड्यात कुणाला सांगायला नको. आराखडा काढणाऱ्याने जातीचा विचार मनातही आणला नसेल. त्याच्या तक्त्यात जमिनीचा रकाना होता, तेवढा पुरला.

डिसेंबर २०२० मध्ये राज्य मंत्रिमंडळाने वस्त्यांची जातिवाचक नावं बदलून समतानगर, भीमनगर, क्रांतीनगर अशी नावं देण्याचा निर्णय घेतला. तो योग्यच होता. क्षेत्राचा एक भाग त्याने काढला, उरलेल्या चुंबकत्वाला हात लागला नाही. उलटा जोर लावणं म्हणजे काय ते पाहायचं तर सिंगापूर. तिथे १९८९ पासून सरकारी इमारतींत चिनी, मलाय, भारतीय यांचं कमाल प्रमाण ठरवून दिलेलं आहे आणि ते ओलांडेल अशी विक्री होऊ शकत नाही. त्यामुळे वस्त्या मिसळल्या, आणि अल्पसंख्य घरमालकांना गिऱ्हाईक कमी मिळून भावही कमी मिळू लागला, हेही तिथल्या सरकारने मान्य केलं आहे. आपल्याकडे २००५ साली सर्वोच्च न्यायालयाने अहमदाबादच्या एका पारशी सहकारी गृहसंस्थेचा फक्त पारशांनाच सभासद करण्याचा नियम वैध ठरवला. इतक्या कडक कोट्याची भाषा करण्यात इथे अर्थ नाही.

सोडत मात्र शक्य आहे. वरळी, नायगाव, ना. म. जोशी मार्गावरच्या बीडीडी चाळी १९२० च्या दशकातल्या. जानेवारी १९७४ ची वरळीची दंगल पेटली ती तिथेच. त्या आता पाडून मनोरे उभे राहत आहेत आणि कुणाला कुठलं घर ते संगणकीय सोडतीने ठरतं आहे. सोडतीला आडनाव कळत नाही. तुमच्या सोसायटीचा पुनर्विकास होणार असेल किंवा गावात घरकुलांचा आराखडा आला असेल, तर चटईक्षेत्र आणि पार्किंगवर भांडून झाल्यावर आणखी एक प्रश्न सभेत विचारा : कुणाच्या शेजारी कोण, हे कशावरून ठरणार? उत्तर मिळेल ते इतिवृत्तात लिहून घ्या, आणि पाया भरण्याआधी घ्या.