मीपणा आणि माणूसपण



कीर्तनाचा अभंग कोणताही घ्या, निरूपण शेवटी एका ठिकाणी येऊन थांबते. जीवाचा मीपणा गेल्यावाचून देव भेटत नाही. विद्येचा मी, कुळाचा मी, पैशाचा मी, आणि सगळ्यांत चिवट म्हणजे ‘माझ्यात मीपणा उरलाच नाही’ असे म्हणणारा मी. हा टाकावा, यावर सगळ्या संतांचे एकमत आहे.

पण येथे एक शंका उभी राहते. ज्याला जगाने कधी ‘मी’ म्हणूच दिले नाही, त्याने काय टाकायचे? ज्याच्या घरात दाणा नाही त्याला अन्नदान कर म्हणावे, तसे हे होत नाही काय? आणि असा माणूस एके दिवशी ताठ उभा राहून ‘मी माणूस आहे’ असे म्हणाला, तर तो अहंकार समजावा की दुसरे काही?

ही शंका नुसती तर्काची नाही. अमेरिकेत टेनेसी राज्यात, मिसिसिपी नदीच्या काठी मेंफिस नावाचे शहर आहे. तेथल्या सफाई कामगारांनी १९६८ साली हेच चार शब्दांचे वाक्य पाट्यांवर छापून रस्त्यावर धरले होते. इंग्रजीत ते चार शब्द, आपल्या भाषेत तीनच. ती हकीकत आधी नीट ऐकू, मग शंकेकडे वळू.

गुलामगिरी कायद्याने जाऊन तेव्हा शंभर वर्षे होऊन गेली होती. तरी शहराचा कचरा उचलण्याचे काम काळ्या माणसांकडेच होते. घराच्या मागच्या अंगणात जायचे, तेथला कचरा टबात भरायचा, आणि तो टब डोक्यावर किंवा खांद्यावर घेऊन गाडीपर्यंत यायचे. टब गळके. नासलेले पाणी आणि किडे मानेवरून अंगावर उतरत. मजुरी एवढी तुटपुंजी की दिवसभर राबूनही पुष्कळांची घरे सरकारी मदतीला पात्र ठरत. पाऊस आला की काळ्या कामगाराला घरी पाठवीत आणि त्याची मजुरी कापीत. गोऱ्या मुकादमाचा पगार मात्र चालू राही. आणि हाक कशी? कामगार पन्नाशीचा असो की साठीचा, नातवंडांचा आजोबा असो, त्याला हाक ‘ए पोरा’. या एका हाकेतच सगळे आले. पोर म्हणजे ज्याच्या शब्दाला किंमत नाही, ज्याने विचारायचे नाही, सांगितले तेवढे करायचे.

१ फेब्रुवारी १९६८ या दिवशी पाऊस पडत होता. एकोल कोल आणि रॉबर्ट वॉकर हे दोन कामगार आडोसा म्हणून कचऱ्याच्या गाडीच्या मागच्या भागात शिरले. गाडी जुनी, तिच्यात कचरा दाबणारे यंत्र होते. ते बिघाडाने आपोआप सुरू झाले आणि दोघे त्यात चिरडून गेले. शहराने त्यांच्या घरच्यांना एका महिन्याचा पगार आणि अंत्यविधीसाठी ५०० डॉलर दिले. नुकसानभरपाईचा कायदा होता, पण तो यांना लागू नव्हता.

हे वाचताना आपल्या वारकऱ्याला मंगळवेढा आठवल्यावाचून राहणार नाही. गावकुसाच्या कामावर राबताना भिंत कोसळून चोखोबा तिच्याखाली गेले. ज्यांना देवळात पाऊल ठेवू दिले नाही, त्यांच्या अस्थी नामदेवरायांनी विठ्ठलनामाच्या ध्वनीवरून ओळखून आणल्या आणि महाद्वारी समाधी दिली, असे परंपरा सांगते. ढिगाऱ्यातल्या त्या हाडांत नाम ऐकू येते, म्हणजे ती कोणा एका माणसाची आहेत हे ऐकू येते. ते ऐकायला नामदेवांचा कान लागतो. मेंफिसच्या नगरपालिकेला तो नव्हता.

१२ फेब्रुवारीला सुमारे १३०० कामगारांनी काम थांबवले. टी. ओ. जोन्स नावाचा त्यांच्यातलाच एक जुना सफाई कामगार कित्येक वर्षे त्यांची संघटना बांधत होता. मागण्या साध्या होत्या. संघटनेला मान्यता द्या, मजुरी वाढवा, कामावर जीव सुरक्षित राहील असे करा. महापौर हेन्री लोब यांनी संप बेकायदेशीर ठरवला आणि मान्यता द्यायला साफ नकार दिला. २३ फेब्रुवारीला कामगार शांतपणे मोर्चाने जात असता पोलिसांनी त्यांच्यावर आणि त्यांच्याबरोबर चाललेल्या पाद्र्यांवरही डोळे जाळणारा फवारा मारला. मग गावातल्या पाद्र्यांनी एक समिती उभी केली आणि तिचे पुढारीपण जेम्स लॉसन नावाच्या पाद्र्याकडे दिले.

या लॉसनांचा आपल्या मुलखाशी संबंध आहे. कोरियाच्या युद्धाच्या वेळी सैन्यभरतीला त्यांनी नकार दिला आणि त्यासाठी तेरा महिने तुरुंगवास भोगला. सुटल्यावर १९५३ साली ते मिशनरी म्हणून नागपूरला आले आणि हिस्लॉप कॉलेजात राहून मुलांना शिकवू लागले, खेळ शिकवू लागले. तीन वर्षे ते नागपुरात होते. गांधीजी जाऊन पाच वर्षे झाली होती, पण त्यांच्याबरोबर काम केलेली माणसे होती. लॉसन त्यांना भेटले आणि सत्याग्रह समजून घेतला. माँटगोमेरी शहरातल्या काळ्या लोकांनी अपमान सोसून बसमध्ये बसण्यापेक्षा पायी चालायचे ठरवले आहे, ही १९५५ सालच्या डिसेंबरातली बातमी त्यांनी नागपुरातच वर्तमानपत्रात वाचली. त्या चळवळीचे पुढारी मार्टिन लूथर किंग. पुढे १९५७ साली दोघांची भेट झाली आणि किंग यांनी त्यांना लगेच दक्षिणेत यायला सांगितले.

लॉसन नॅशव्हिल शहरात गेले आणि चर्चच्या तळघरात त्यांनी तरुणांचे वर्ग सुरू केले. तेथे शिकवायचे काय, तर मार खाणे. काही मुलांनी गुंड व्हायचे, शिव्या द्यायच्या, ढकलायचे, तोंडावर धूर सोडायचा. बाकीच्यांनी हात न उचलता बसायचे आणि समोरच्याच्या डोळ्यांत पाहायचे. आपल्याकडे मृदंगाचे बोल हाताला बसावेत म्हणून वर्षानुवर्षे घोकून घेतात, तशी ही घोकणी. १९६० साली ही मुले गोऱ्यांसाठी राखलेल्या उपाहारगृहांत जाऊन शांतपणे बसली, त्यांनी मार खाल्ला, ती तुरुंगात गेली, आणि मे महिन्यात नॅशव्हिलच्या काही दुकानांत काळ्यांना खाणे मिळू लागले. या कामापायी विद्यापीठाने लॉसनांना काढून टाकले होते. पुढे मेंफिसला ते एका चर्चचे पाद्री झाले, आणि १९६८ साली कचरा उचलणाऱ्यांच्या मागे उभे राहिले. किंग यांना मेंफिसला बोलावले तेही त्यांनीच.

आता त्या पाटीकडे येऊ. ‘मी माणूस आहे’ या वाक्यातल्या ‘आहे’ या शब्दाखाली रेघ मारलेली होती. मला त्या रेघेचे फार महत्त्व वाटते. मला माणूस करा, असे ती पाटी म्हणत नाही. मी माणूस होईन, असेही म्हणत नाही. आहेच, असे म्हणते. तुम्ही ओळखा अगर ओळखू नका.

आता शंका अशी, की हा मीपणा नव्हे काय? समाधान करायचे तर अहंकाराचे लक्षण आधी पाहावे लागते. अहंकाराला खाली कोणीतरी लागतो. मी विद्वान म्हणायचे तर दुसरा अडाणी लागतो, मी उच्च म्हणायचे तर दुसरा हीन लागतो, मी मालक म्हणायचे तर दुसरा ‘पोर’ लागतो. खालचा काढून घेतला की अहंकाराची माडी उभी राहत नाही. ‘मी माणूस आहे’ या वाक्याला मात्र खाली कोणी लागत नाही. एकाने ते म्हटल्याने दुसऱ्याचे माणूसपण तसूभरही कमी होत नाही. उलट पाटी धरणारा समोरच्यालाच विचारतो की तूही माणूस आहेस ना, मग मला ओळखत कसा नाहीस? जो मीपणा संत टाकायला सांगतात तो ‘आहे’च्या पुढे चिकटलेला मोठेपणा होय. ‘आहे’ हे तर आत्म्याचे लक्षण. ते टाकायला कोणी सांगितलेले नाही.

दुसरी शंका. नम्रता हा संतांचा दागिना ना? मग वाकलेल्याने वाकलेलेच राहावे, त्यात त्याचे कल्याण आहे, असे म्हणणारे आपल्याकडेही पुष्कळ झाले. त्यांनी वारीची रीत डोळे उघडून पाहावी. वाटेत दोन माळकरी भेटले की दोघेही वाकतात. थोरला धाकट्याच्या पाया पडतो, पाटील बलुतेदाराच्या पाया पडतो, आणि आधी कोण वाकला हे कळू नये इतके ते एकदम होते. नमस्कार तो हा. एकानेच जन्मभर वाकायचे आणि दुसऱ्याने जन्मभर ताठ राहायचे, याला नमस्कार म्हणत नाहीत, वेठ म्हणतात. नम्रता ज्याची त्याने द्यायची असते, दुसऱ्याकडून वसूल करायची नसते. उभा राहू शकणारा जेव्हा वाकतो तेव्हाच त्या वाकण्याला भक्तीचे मोल येते. म्हणून मेंफिसचा कामगार ताठ उभा राहिला, तो नम्रतेच्या विरुद्ध गेला असे मला वाटत नाही.

तिसरी शंका अवघड आहे. संपाने दुसऱ्याला त्रास होतो, शहरात कचरा साचतो, मग ही हिंसाच नव्हे काय? याचे उत्तर असे की दुसऱ्याचे काही हिसकावणे वेगळे, आणि आपले श्रम आपल्यापाशी ठेवणे वेगळे. त्यांनी डोक्यावरचा टब खाली ठेवला, एवढेच केले. तो टब किती जड होता हे शहराला तेव्हा कळले.

पण हे ‘मी माणूस आहे’ अहंकारात घसरू शकते, हेही खरे. २८ मार्चला किंग यांच्या मोर्चात मागच्या बाजूला काही तरुणांनी पाट्यांच्या काठ्या काढून दुकानांच्या काचा फोडल्या. पोलिसांनी लाठ्या आणि अश्रुधूर चालवला, आणि सोळा वर्षांचा एक मुलगा पोलिसांच्या गोळीने गेला. पाटी तीच होती. तिच्या वरच्या अंगाला ‘मी माणूस आहे’ आणि खालच्या अंगाला काठी. ज्या क्षणी काठी वापरली त्या क्षणी वरचे अक्षर दिसेनासे झाले. अहिंसा का हवी, याचे यापेक्षा सोपे निरूपण मला करता येणार नाही. ‘मी माणूस आहे’ हे शुद्ध ठेवायचे तर समोरच्यालाही माणूस ठेवावे लागते, आणि ते मार खाताना ठेवावे लागते. तळघरातली घोकणी त्यासाठीच होती.

दुसऱ्या दिवशी कामगार पुन्हा चालले. रस्त्याच्या कडेला संगिनी रोखलेले सैनिक, शेजारून चिलखती गाड्या, आणि मधून एकामागे एक चाललेली माणसे. या वेळी पाट्या गळ्यात होत्या. गळ्यातल्या माळेचा अर्थ आपल्याला ठाऊक आहे. ती मारायला उपयोगी पडत नाही, आणि ती घातल्यावर माणसाला स्वतःकडेच पाहावे लागते.

४ एप्रिलला किंग यांची मेंफिसमध्येच गोळी घालून हत्या झाली. ज्यांच्यासाठी ते आले होते त्यांना सूड घ्यायला याहून मोठे कारण कोणते? पण ८ एप्रिलला त्यांची पत्नी कोरेटा मुलांना घेऊन मेंफिसला आल्या, आणि चाळीस हजारांवर लोक त्यांच्यामागून एक शब्दही न बोलता चालले. १६ एप्रिलला तडजोड झाली. संघटनेला मान्यता मिळाली, आणि मजुरीत तासाला आधी दहा सेंट व नंतर आणखी पाच सेंट वाढ ठरली. पंधरा सेंट म्हणजे फार नव्हे. पण ज्यांना ‘ए पोरा’ म्हणत, त्यांच्याशी शहराला समोरासमोर बसून बोलणी करावी लागली. रेघ मारलेला तो शब्द शहराने वाचला. लॉसन पुढे दीर्घकाळ अहिंसा शिकवीत राहिले. २०२४ सालच्या जूनमध्ये, पंचाण्णवाव्या वर्षी त्यांनी देह ठेवला.

भाविकहो, आपल्या संप्रदायात भेटेल त्याला ‘माउली’ म्हणायची रीत आहे. ‘ए पोरा’ या हाकेच्या अगदी उलट अशी ही हाक. आषाढीला पालखी तळावरून पुढे जाते तेव्हा मागे पत्रावळ्या, द्रोण, पाण्याच्या बाटल्या आणि आणखीही पुष्कळ काही राहते. ते उचलायला कोणीतरी येतो. तोवर आपण पुढच्या मुक्कामाला पोचलेले असतो, आणि त्याला हाक मारायला कोणी माउली म्हणणारा तेथे नसतो. निदान तळ सोडताना आपापली पत्रावळ आपण उचलावी, आणि तो दिसला तर त्याच्या पाया पडावे. तो गोंधळेल, मागे सरेल, ‘महाराज, असे करू नका’ म्हणेल. मग तोही वाकेल. दोघे वाकले म्हणजे नमस्कार पुरा झाला.