शिक्षा भोगून झाल्यावर



एलूल महिन्यात आपण पहाटे उठून सेलिहोथ म्हणतो, आणि त्याच महिन्यात 'की थेत्से' ही पाराशा वाचतो. तिच्यात, अनुवादाच्या २५व्या अध्यायात, फटक्यांच्या शिक्षेचा नियम आहे. ४० पेक्षा अधिक मारू नये, असे मोशे रब्बेनू बजावतात. आपल्या हाखामांनी त्यातूनही एक कमी करून ३९ वर आणले. पण आकड्यापेक्षा शब्दांकडे लक्ष द्यावे. मार बसण्याआधी त्या माणसाला 'दुष्ट' म्हटले आहे. मार बसल्यावर 'तुझा भाऊ'. शिक्षा भोगली की तो पुन्हा आपला, असा अर्थ हाखामांनी काढला आहे.

आता आर्थर कोस्लर या लेखकाविषयी. हा बुडापेस्टचा यहुदी. १९३७ साली स्पेनच्या यादवी युद्धात वार्ताहर म्हणून मालागा शहरी असता फ्रँकोच्या पक्षाने त्याला पकडले. सेव्हिलच्या तुरुंगात त्याने सुमारे तीन महिने काढले. रात्री इतर कोठड्यांतून माणसे गोळी घालण्यासाठी नेली जात. आपली पाळी केव्हा येईल हे त्याला ठाऊक नव्हते. खाटेच्या तारेचा तुकडा घेऊन तो भिंतीवर गणिताची सूत्रे कोरीत बसे. मूळ संख्यांना अंत नाही, हा युक्लिडचा सिद्धान्त त्याने तेथे मांडला, आणि त्या आनंदात काही वेळ आपण कोठे आहोत हेच तो विसरला, असे त्याने पुढे लिहिले आहे. हाच सिद्धान्त आम्ही वर्षानुवर्षे फळ्यावर लिहिला. त्याचा असाही उपयोग असतो हे पाठ्यपुस्तकात नव्हते.

ती भिंत तो विसरला नाही. १९५५ साली इंग्लंडमध्ये व्हिक्टर गोलान्झ या यहुदी प्रकाशकाबरोबर त्याने फाशीविरुद्ध चळवळ उभारली. खुनासाठी फाशी तेथे १९६५ मध्ये स्थगित झाली व १९६९ मध्ये कायमची गेली. पण जो फाशी जात नाही तो कोठडीत वर्षे कशी काढणार? म्हणून १९६२ पासून कैद्यांच्या चित्रांना व लेखनाला त्याच्या नावाची पारितोषिके मिळू लागली. ती आजही दिली जातात. आगकाड्यांची घरे, साबणात कोरलेल्या मूर्ती अशी हजारो कामे दरवर्षी येतात, लंडनमध्ये प्रदर्शन भरते, आणि पुष्कळ कैद्यांना परीक्षकांचा लेखी अभिप्राय जातो. ज्याला वर्षानुवर्षे केवळ हुकूम मिळाले, त्याला त्याच्या कामाविषयी कोणी चार ओळी लिहितो. आम्हा शिक्षकांना त्या चार ओळींचे मोल ठाऊक आहे.

कोस्लर काही साधुपुरुष नव्हता. त्याच्या खासगी वर्तनावर गंभीर आरोप झाले आहेत. आणि चित्र काढल्याने गुन्हा पुसला जात नाही. ज्याच्या घरचे माणूस मारले गेले, त्याला 'भाऊ' हा शब्द ऐकवण्याचा अधिकार आपल्याला नाही. पण ज्यांचे काहीच गेले नाही असे आपण का तोंड फिरवतो?

आपल्यातही अशी घरे आहेत, ज्यांचा मुलगा आत आहे. रोश हशानाला आपण सगळ्यांकडे हलवा पाठवतो आणि तेवढे एक दार वगळतो. यंदा हलव्याचे ताट तेथे न्यावे. मुलाचे नाव घेऊन तो कसा आहे, असे त्याच्या आईला विचारावे; आणि त्याला कागद, रंग पाठवता येतात का, तेही.