दोन सह्यांचं खातं

जॉइंट खातं दोन तऱ्हांचं असतं. एकात दोघांपैकी कुणाचीही सही चालते, दुसऱ्यात दोघांची लागते. उघडताना कोणी हे नीट वाचत नाही. वाचतात ते भांडण झाल्यावर.

फ्लोएट्रीचंच घ्या. मार्शा अँब्रोशियस आणि नॅटली स्टुअर्ट या इंग्लंडातल्या दोन मुली. अमेरिकेत फिलाडेल्फियाला गेल्या आणि २००२ साली त्यांनी ‘फ्लोएटिक’ हा आल्बम काढला. या संगीताला निओ-सोल म्हणतात. मार्शा गायची, नॅटली बोलायची. बोलायची म्हणजे निवेदन नव्हे हो! कविताच, पण चालीत न बांधलेली, ठेक्यावर पावलं टाकत जाणारी. आपले कीर्तनकार अभंग आणि निरूपण एकाच गळ्यातून काढतात, त्यामुळे बिदागीच्या वाटणीचा प्रश्न येत नाही. इथे गळे दोन.

आणि ऐकणारा घरी जाताना गुणगुणतो ते मार्शाचं. नॅटलीचं गुणगुणणार कसं? गुणगुणता येतं ते भांडवल आणि येत नाही तो किरकोळ खर्च, असा हिशेब लोक बेधडक मांडतात. पण नॅटलीचं बोलणं मनातल्या मनात वगळून पाहा. मार्शाचा सूर चढतो खरा, पण जमिनीवरून किती वर गेला ते कळत नाही, कारण जमीनच काढून घेतलेली असते. बरं, मार्शा नुसती गाणारी म्हणावी, तर मायकेल जॅक्सनने २००१ साली गायलेल्या ‘बटरफ्लाइज’च्या लेखनातही तिचा हात आहे. म्हणजे कामाची वाटणीसुद्धा वाटते तितकी सरळ नाही.

२००५ साली दुसरा आल्बम आला आणि पुढे दोघी वेगळ्या झाल्या. नॅटलीने २०१० साली ‘फ्लोएटिक सोल’ काढला, मार्शाचा पहिला स्वतंत्र आल्बम २०११ साली अमेरिकेच्या यादीत दुसऱ्या क्रमांकावर गेला. मग ते जुनं नाव कोणाचं? अर्धं-अर्धं करा, असं शहाणी माणसं सांगतात. मुद्दल होईलही अर्धं. पण दोघी शेजारी उभ्या राहिल्यामुळे जे व्याज चढलं, ते कोणाच्या मुद्दलावरचं? चाळिशीपर्यंत व्याजच मोजत आलो, पण याला कोष्टक सापडलं नाही.

मुलगी म्हणते, “बाबा, दोघींचं चाललंय की छान!” चाललंय ना. दोन स्वतंत्र खाती, दोन्ही चालू. पण त्या जुन्या नावाचा चेक घेऊन दोघींपैकी एकटी माझ्या काउंटरवर आली, तर मी तो परत करीन. म्हणेन, बाई, दुसरी सही आणा.