सत्तावीस मिनिटे

वडीगोद्रीत भिंतीवरील घड्याळाचे दोन्ही काटे बारावर येतात, तेव्हा सूर्य माथ्यावर आलेला नसतो. त्याला, वर्षभराच्या सरासरीने, सुमारे सत्तावीस मिनिटे अवकाश असतो. आपले घड्याळ जालना जिल्ह्याच्या आकाशाकडे पाहून चालत नाही. ते मिर्झापूरजवळून जाणाऱ्या साडेब्याऐंशी अंश पूर्व रेखावृत्ताला बांधलेले आहे. एका अंशाला चार मिनिटे, आणि आपण त्या रेषेच्या जवळजवळ पावणेसात अंश पश्चिमेस! ही वेळ आज दिल्लीतील राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळा राखते. तेथील घड्याळे सीझियमच्या अणूवर चालतात, आणि त्या अणूची ९१९ कोटी २६ लाख ३१ हजार ७७० स्पंदने म्हणजे एक सेकंद.

साऱ्या राज्याची घड्याळे एका क्षणात जुळवणाऱ्या जादूच्या यंत्राची कथा कोणी रचली, तर मुलांना ती आवडेल. ते यंत्र आपण केव्हाच बनवले आहे. प्रश्न यंत्राचा नाही, नीतीचा आहे. ज्याने त्याने आपल्या सूर्याची वेळ सोडावी आणि सर्वांची एक वेळ मानावी, ही मागणी न्याय्य आहे काय? असल्यास तिची किंमत कोणी मोजावी?

आपल्या पूर्वजांना ही अडचण नव्हती. सूर्योदयापासून दिवस सुरू होई. त्याच्या साठ घटिका, एकेक चोवीस मिनिटांची. बुडाला बारीक छिद्र असलेले भांडे पाण्यावर तरंगत ठेवायचे, ते भरून बुडाले की एक घटिका संपली. लग्नाचा मुहूर्त त्यावर साधत असे. शेजारच्या तालुक्यातील घटिका मिनिटभर पुढे की मागे, याची कोणाला पर्वा असण्याचे कारण नव्हते. आगगाडी आली आणि ते कारण निर्माण झाले. एकाच रुळावरून समोरासमोर येणाऱ्या दोन गाड्यांच्या गार्डांजवळ दोन वेळा असतील, तर प्रवाशांचे प्राण जातील. म्हणून एक वेळ हवी, हे मला निर्विवाद वाटते. सामाईक वेळ हे परस्परांना दिलेले वचन आहे.

परंतु वचन देणारे आणि ते पाळावे लागणारे नेहमी एकच नसतात. मुंबईचाच इतिहास पाहावा. १८८१ साली गव्हर्नर फर्ग्युसन यांनी सरकारी कामासाठी मद्रासची वेळ लागू केली. ती मुंबईच्या वेळेपेक्षा सुमारे तीस मिनिटे पुढे होती. शहराने ती मनापासून स्वीकारली नाही आणि अखेर सरकारला माघार घ्यावी लागली. १९०६ मध्ये भारतीय प्रमाणवेळ आली, तेव्हा अंतर एकोणचाळीस मिनिटांचे झाले. त्या जानेवारीत गिरणी कामगारांनी काम बंद करून निषेध केला. पुष्कळ सुशिक्षितांना तो अडाणीपणा वाटला असेल. मला तो हिशेब वाटतो. विजेचे दिवे आल्यापासून कित्येक गिरण्या बारा तासांहूनही अधिक चालत. त्यात भोंगा एकोणचाळीस मिनिटे आधी वाजणार, म्हणजे चाळीतील बाईने तितक्याच आधी अंधारात चूल पेटवायची. गिरणीच्या मालकाला मात्र केवळ घड्याळाचा काटा फिरवायचा होता. मुंबईच्या नगरपालिकेने स्वातंत्र्यानंतरही काही वर्षे जुनी वेळ जपली. त्यात अभिमान होता, थोडा हट्टही होता. कामगाराची तक्रार मात्र हट्टाची नव्हती.

उलट उदाहरणही मुंबईचेच आहे. नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८८४ पासून गिरणी कामगारांसाठी आठवड्याची सुट्टी मागितली आणि १८९० साली रविवार मिळाला. आपण रविवारी मिस्साला जातो. लोखंड्यांच्या कामगारांना तो खंडोबाचा वार म्हणून प्रिय होता. कारण वेगळे, दिवस एकच! सर्वांनी एकाच वेळी काम करावे, एवढेच एका वेळेने साधते असे नाही. सर्वांनी एकाच वेळी थांबावे, हेही साधते. बाप सोमवारी मोकळा आणि मुलगा गुरुवारी, तर घर एकत्र कधी जेवणार?

आज वडीगोद्रीच्या शिवारात भोंगा नाही, पण वेळापत्रक आहे. शेतीपंपाची वीज काही आठवडे दिवसा, काही आठवडे रात्री. साऱ्या देशाचे वीजजाळे एका तालावर चालते. ३१ डिसेंबर २०१३ रोजी रायचूर–सोलापूर वाहिनीने दक्षिणेचे जाळेही त्यात जोडले गेले. त्या तालात मागणी आणि पुरवठा सतत जुळवावा लागतो, आणि संध्याकाळी शहरांचे दिवे लागतात तेव्हा कोणाला तरी थांबावेच लागते. थांबतो तो शेतकरी. मध्यरात्री बॅटरी घेऊन तो उसात दारे धरायला जातो. सापाचे भय, थंडीत गुडघाभर चिखल, आणि सकाळी मुलांना शाळेत सोडायचेच असते. वीज कमी असताना पाळी लावणे यात अन्याय नाही. पण तीच माणसे वर्षानुवर्षे रात्रीच्या पाळीला असतील, तर तिला पाळी म्हणता येत नाही. २०१७ साली राज्याने सौर कृषी वाहिनी योजना सुरू केली, ती शेतीला दिवसा वीज देण्यासाठीच. सौर यंत्रणा दिल्लीच्या घड्याळावर चालत नाही. वडीगोद्रीच्या माथ्यावर सूर्य येतो तेव्हा, म्हणजे सत्तावीस मिनिटे उशिरा, ती ऐन भरात असते.