चोवीस गुंठ्यांचं गणित

आजोबांचं वर्षश्राद्ध उरकलं आणि आठवडाभरात आत्याला हक्कसोड पत्रासाठी तालुक्याला नेलं. साल २००८. दस्तात नेहमीची वाक्यं होती: राजीखुशीने, कोणाच्याही दडपणाशिवाय. लेखनिकाने भराभर गट नंबर वाचले. आत्याने मधेच विचारलं, ‘‘ह्यात विहिरीकडचं कुठलं?’’ कोणी उत्तर दिलं नाही. तिने अंगठा दिला, साडी घेतली आणि संध्याकाळच्या एसटीने सासरी गेली.

हक्क सोडायचा तर तो आधी असावा लागतो. आत्याकडे तो आला कुठून, याचा माग काढत गेलं की माणूस थेट बाराव्या शतकाच्या उंबऱ्यावर, कल्याणीला पोहोचतो. ही कल्याणी म्हणजे आपल्या उमरग्यापलीकडचं बसवकल्याण. सहाव्या विक्रमादित्य चालुक्याच्या राज्यात विज्ञानेश्वराने तिथे याज्ञवल्क्यस्मृतीवर ‘मिताक्षरा’ लिहिली. तिच्यात एक प्रश्न त्याने फार चिवटपणे सोडवला आहे: मुलगा मालक केव्हा होतो, बाप मेल्यावर की स्वतः जन्मल्यावर? त्याचं उत्तर, जन्मल्यावर. बंगालच्या जीमूतवाहनाचं मत उलट होतं. त्याच्या ‘दायभागा’त बाप असेपर्यंत मुलाचं काही नाही.

आपल्याकडची भाऊबंदकी या एका उत्तरातून निघाली, असं मला वाटतं. हक्क जन्माने येत असेल तर घरात पाळणा हलला की हिस्सेदार वाढतो आणि सगळ्यांचे वाटे बारीक होतात. बापाने विकलेल्या जमिनीवर मुलगा दावा लावतो. दावा इतका लांबतो की ‘वादी क्र. १ मयत’ होऊन त्याच्या जागी १अ, १ब, १क उभे राहतात. प्राथमिक हुकूमनामा झाला तरी सरस-निरस पाहून मोजणी आणि ताबा व्हायला कागद कलेक्टर कचेरीत जातो, तिथे आणखी एक पिढी. ‘बहिणींना हक्क दिला आणि घरं कोर्टात गेली’ असं म्हणणाऱ्यांनी भाऊबंदकी हा शब्दच एकदा उच्चारून पाहावा. त्यात बहीण नाही.

गंमत अशी की ‘पिंड’ म्हणजे श्राद्धाचा गोळा नव्हे तर शरीर, असं याच विज्ञानेश्वराने सांगितलं. एका शरीराचे अंश ज्यांच्यात, ते सपिंड. तसं पाहिलं तर मुलगी मुलाइतकीच जवळची. पण हा धागा त्याने जन्मसिद्ध हक्कापर्यंत नेला नाही. वारसांच्या ओळीत मुलगी होती, मुलगे आणि विधवा यांच्या मागे.

स्वातंत्र्याच्या सुमारास गाठ मुळापासून सोडवण्याची संधी आली होती. राव समितीच्या मसुद्यात आणि डॉ. आंबेडकरांनी पुढे रेटलेल्या हिंदू कोड बिलात जन्मसिद्ध हक्कच काढून टाकायचा होता. १९५१ मध्ये बिल रखडलं, आंबेडकरांनी मंत्रिपद सोडलं, आणि १९५६ च्या वारसा कायद्यात जुनी सहदायकी, म्हणजे जन्माने हक्क मिळणाऱ्या पुरुषांची भागीदारी, कलम ६ मध्ये ठाण मांडून बसली. मुलीला मिळाला तो बापाच्या हिश्शातला हिस्सा.

तो किती, हे १९७८ मध्ये सरन्यायाधीश य. वि. चंद्रचूड यांच्यापुढे आलेल्या एका कुटुंबावरून कळतं. बाप वारलेला, मागे बायको, दोन मुलगे, तीन मुली. जमीन २४ गुंठे धरू. मरणाच्या क्षणी काल्पनिक वाटणी झाली असं मानायचं: बाप, आई आणि दोन मुलगे यांना सहा-सहा गुंठे. मग बापाचे सहा सहा वारसांत. म्हणजे आईला सात, प्रत्येक मुलाला सात, प्रत्येक मुलीला एक.

केरळने तर या निकालाआधीच सहदायकी रद्द केली होती. आपण दुसरी वाट धरली, मुलीलाच सहदायक करण्याची. महाराष्ट्राचा कायदा २२ जून १९९४ चा, पण त्याआधी लग्न झालेल्या मुली त्यातून वगळलेल्या. मे महिन्यात उजवलेली थोरली बाहेर, दिवाळीनंतर बोहल्यावर चढलेली धाकटी आत! केंद्राने ९ सप्टेंबर २००५ पासून ती अट काढली, तर २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालय म्हणालं, त्या दिवशी बापही जिवंत हवा. अखेर ११ ऑगस्ट २०२० ला विनीता शर्मा खटल्यात तीन न्यायमूर्तींनी सांगितलं की हक्क जन्माने येतो, मग बापाच्या हयातीचा प्रश्न कुठे? विज्ञानेश्वराचंच उत्तर, फक्त आता मुलगीही जन्मली होती.

तेच २४ गुंठे नव्या हिशेबाने वाटले तर सहाही जणांना चार-चार येतात. मुलीच्या एकाचे चार झाले. भावाचे तीन गेले, त्यावर गावोगाव बोललं जातं. आईचेही सातावरून चारावर आले, त्याबद्दल मी कुठल्या पारावर चकार शब्द ऐकलेला नाही.

गेल्या महिन्यात धाकट्या बहिणीचा फोन आला. वडिलांना जाऊन सहा महिने झाले होते. ‘‘दादा, वारस नोंदीचा फेरफार बघितलास का? ऑनलाइन दिसतोय.’’ मी म्हटलं, कुठला? तिने गट नंबर सांगितला. मला तो डायरीत शोधावा लागला.