नेमणूक वरून, हिशेब कुणाला?

मे २०२५ मध्ये सिस्टाइन चॅपेलच्या धुराड्यातून पांढरा धूर निघाला आणि आपल्या वाहिन्यांना दोनच प्रश्न पडले. नवे पोप लिओ चौदावे उदारमतवादी की सनातनी? आणि अमेरिकन पोप ट्रम्पना आवरणार का? वर्तमानपत्रांतल्या बहुतेक मजकुराची धावही तिथपर्यंतच होती. सुमारे १४० कोटी माणसांच्या या संस्थेचा कारभार कसा चालतो, पैसा कोण मोजतो, चुकलेल्या अधिकाऱ्याला कोण विचारतो, यात कुणाला रस दिसला नाही.

सांगली जिल्ह्यातल्या आष्ट्यात हाच विषय निघाला की तो वेगळ्या तोंडाने निघतो. वाळवा तालुक्यात कॅथलिक मंडळी फार नाहीत. मिरज-सांगलीकडचा ख्रिस्ती समाज बहुतांशी अमेरिकन प्रेस्बिटेरियन मिशनच्या वाटेने आलेला. पण मत सगळ्यांना असते, आणि इथले मत सहकाराच्या मुशीत घडलेले असते. कारखान्याच्या चेअरमनला निदान मते मागायला दारात यावे लागते, बिशप कुणाच्या दारात येतो? त्याला वरून नेमतात, म्हणून तो वरच बघतो. तेव्हा बिशपची निवडणूक घ्या, पाद्र्याची घ्या, जमल्यास पोपचीही सर्वांच्या मतांनी घ्या, म्हणजे चर्च सुधारेल.

हे मत सोपे आहे म्हणून लोकप्रिय आहे, आणि लोकशाहीवादी माणसाला ते नाकारताना ओशाळल्यासारखे होते. मला होत नाही. यातले निदान बरोबर आहे, औषध चुकीचे आहे. बिशपच्या नेमणुकीत लोकांना जागा नाही हे खरेच. १९८३ च्या कॅनन लॉप्रमाणे, म्हणजे चर्चच्या कायदेसंहितेप्रमाणे, पोपचा राजदूत नावे गोळा करताना, त्याला योग्य वाटल्यास, शहाण्या प्रापंचिकांचे मत घेऊ शकतो. वाटल्यास! एवढ्या मोठ्या निर्णयात सामान्य माणसाचा वाटा तेवढाच.

पण निवडणूकवाद्यांचा आवडता दाखला बघा. इ. स. ३७४ मध्ये मिलानच्या लोकांनी अँब्रोजला आरोळ्या ठोकून बिशप केले. अजून बाप्तिस्माही न झालेला सरकारी अधिकारी, आणि पुढे चर्चचा थोर आचार्य झाला. दाखला खरा आहे. मात्र त्याच्या आठच वर्षे आधी रोममध्ये काय झाले ते ही मंडळी सांगत नाहीत. तिथे डमासस आणि उर्सिनस यांच्या समर्थकांत बिशपपदासाठी अशी हाणामारी झाली की एका बॅसिलिकात एका दिवसात १३७ प्रेते सापडल्याचे इतिहासकार अमियानस लिहून ठेवतो. लोकांनी निवडले म्हणून अँब्रोज चांगला निघाला असे म्हणायचे, तर ही १३७ प्रेते कुणाच्या खात्यावर टाकायची?

बरे, इतक्या लांब तरी कशाला जायचे? सांगली जिल्ह्याइतकी निवडणुकीची हौस कुठे असेल? सोसायटी, दूध संघ, कारखाना, बँक, पतसंस्था, सगळीकडे पॅनेल, सगळीकडे चिन्ह. तरीही वार्षिक सर्वसाधारण सभेत अहवालाचे पान उलटण्याच्या आत ‘मंजूर, मंजूर’चा गजर होतो आणि प्रश्न विचारायला उठलेल्या सभासदाच्या हातातला माइक बंद पडतो. वसंतदादा शेतकरी सहकारी बँकेचा परवाना रिझर्व्ह बँकेने रद्द केला तेव्हा ठेवीदारांना जे कळले, ते आधी कळायला हवे होते. मतदानाचा हक्क सभासदाला होताच. कमी होती ती माहितीची.

यावर उत्तर ठरलेले असते: निवडून आलेल्याला पाच वर्षांनी पाडता तरी येते. येते. पण पाडायला आधी काय घडले ते ठाऊक असावे लागते. हिशेब झाकलेला असेल तर मतदार माणसाला पाडत नाही, अफवेला पाडतो, किंवा जातीला, किंवा भावकीला. निवडून दिलेल्या वडीलमंडळांची परंपरा ज्या प्रॉटेस्टंट मंडळ्यांत आहे, त्यांच्या मालमत्तेची भांडणे धर्मादाय आयुक्तांकडे आणि कोर्टात काही कमी नाहीत. निवडणुकीने सत्ता हस्तांतरित होते, एवढेच निवडणूक करते. आपण तिच्याकडून प्रामाणिकपणाही मागतो, आणि तो मिळाला नाही की अजून एक निवडणूक मागतो.

दुसऱ्या टोकाला ‘अधिकार देवाचा, प्रश्न विचारू नका’ म्हणणारे आहेत. त्यांच्याशी वाद घालण्यात अर्थ नाही, कारण खुद्द चर्चचा कायदाच त्यांच्या बाजूने नाही. आणि ‘सगळे रोमचे कारस्थान’ म्हणणाऱ्यांना तेराशे किलोमीटरवरच्या दिल्लीचे कारस्थान आधी तपासायला सांगावे.

माझा मुद्दा वेगळा आहे. अधिकार कुठून येतो आणि हिशेब कुणाकडे जातो, हे दोन प्रश्न आपण एकच समजतो. अधिकार खालून आला तरी हिशेब वर जाऊ शकतो, किंवा कुठेच जात नाही. सहकाराने ते दाखवले. मग अधिकार वरून येऊनही हिशेब खाली जाऊ शकेल का? कॅथलिक चर्चपुढचा खरा पेच मला हा वाटतो.

या पेचाचा सगळ्यात जुना साक्षीदार आपल्याच मुलखातला आहे. आष्टा ज्या आदिलशाहीत होते, त्या आदिलशाहीसाठी १६३७ मध्ये रोमने एक बिशप नेमला. दिवाडी बेटावरचा गोमंतकीय ब्राह्मण, मातेउस द कास्त्रो. लॅटिन परंपरेतला पहिला भारतीय बिशप. गोव्याच्या पोर्तुगीज आर्चबिशपने त्याला मानले नाही, कारण पूर्वेकडची चर्च पोर्तुगालच्या राजाच्या पाद्रोआदोखाली, म्हणजे आश्रयाधिकाराखाली, होती आणि धर्मप्रसार पाहणारा रोमचा प्रोपागांदा विभाग त्याला शह देत होता. कास्त्रो डिचोलीत, म्हणजे आदिलशाही हद्दीत, मुक्काम ठोकून राहिला आणि गाऱ्हाणी घेऊन पुन्हा पुन्हा रोमला गेला. तिथेच १६७७ मध्ये वारला. दोन्ही बाजूंचा अधिकार वरूनच आलेला, एकाचा राजाकडून, दुसऱ्याचा पोपकडून. दाद मागायची तरी वरच. मधल्या माणसांना कुणी काही विचारलेही नाही, सांगितलेही नाही. हे भांडण पुढे मुंबईत दोन शतके चालले. १८५३ मध्ये माहीमच्या सेंट मायकल चर्चमध्ये बिशप हार्टमन आत आणि विरोधी गटाचा वेढा बाहेर, इथपर्यंत गेले. १९५० मध्ये व्हॅलेरियन ग्रेशियस मुंबईचे पहिले भारतीय आर्चबिशप झाले तेव्हा नेमणाऱ्याचा प्रश्न मिटला. हिशेबाचा प्रश्न जागच्या जागी राहिला.

कवी नारायण वामन टिळक प्रॉटेस्टंट होते, तरी त्यांची आठवण इथे हवी. १९१७ मध्ये ते अमेरिकन मिशनच्या नोकरीतून बाहेर पडले आणि साताऱ्यात त्यांनी ‘देवाचा दरबार’ मांडला. मिशनमध्ये निवडणुका घ्या, अशी मागणी करत ते थांबले नाहीत. ज्याचा पगार घ्यायचा त्यालाच जाब द्यावा लागतो, ही गाठ त्यांनी ओळखली आणि पगारच सोडला. सगळ्यांना ते जमणार नाही, आणि कॅथलिक धर्मगुरूला तर वेगळा दरबार मांडण्याची सोयच नाही. म्हणून नियम लागतो.

तो नियम आहे, हीच गंमत. कॅनन १२८७ चे दुसरे कलम सांगते की श्रद्धावंतांनी चर्चला दिलेल्या धनाचा हिशेब व्यवस्थापकांनी श्रद्धावंतांना द्यावा. फक्त बिशपला नव्हे. प्रत्येक धर्मग्रामात अर्थसमिती असलीच पाहिजे, हेही त्याच संहितेतले ५३७ वे कलम. महाराष्ट्रात चर्चचे ट्रस्ट १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त कायद्याखाली नोंदलेले असतात, त्यामुळे तपासलेले हिशेब धर्मादाय आयुक्तांकडे जातात. म्हणजे आकडे तयार असतात. ते बिशपकडे जातात, सरकारकडे जातात. मिस्साला शेवटच्या बाकावर बसणाऱ्या, दानपेटीत नोट टाकणाऱ्या बाईपर्यंत मात्र ते जातीलच असे नाही. काही धर्मग्रामांत जमाखर्च फलकावर लावतात, वाचूनही दाखवतात, हे मान्य. पण ते तिथल्या धर्मगुरूच्या भलेपणावर चालते.

पोप फ्रान्सिस यांनी २०२१ पासून चालवलेल्या सिनडची, म्हणजे चर्चच्या विचारविनिमय सभेची, आपल्याकडे चर्चा झाली ती स्त्रियांना मत मिळाले याची. तेही मोठेच, २०२३ च्या सत्रात ते पहिल्यांदा घडले. पण ऑक्टोबर २०२४ चा अंतिम दस्तऐवज वाचला तर त्यात पारदर्शकता, जाब आणि मूल्यमापन यांवर स्वतंत्र विवेचन आहे, आणि चर्चमधल्या सल्लागार समित्यांचे मत ‘केवळ सल्ल्यापुरते’ ठरवणाऱ्या कायद्याच्या भाषेचा फेरविचार व्हावा असेही म्हटले आहे. निवडणुकीची मागणी त्यात नाही. ती नाही म्हणून काहींनी हा दस्तऐवज भित्रा ठरवला. मला तो त्यांच्या अपेक्षेपेक्षा धीट वाटतो, कारण बिशपला मतपेटीपेक्षा वहीची धास्ती अधिक असते.

एक आक्षेप मी टाळू शकत नाही. कॅनन १२८७ मधला हिशेब ‘स्थानिक नियमांप्रमाणे’ द्यायचा आहे, आणि स्थानिक नियम करणार बिशपच. म्हणजे पुन्हा वरच्याच मर्जीवर. बरोबर. पण याच तरतुदीमुळे पुण्याच्या, नाशिकच्या किंवा वसईच्या बिशपला रोमची वाट पाहावी लागत नाही. आर्थिक वर्ष संपल्यावर ठरावीक मुदतीत प्रत्येक धर्मग्रामाने मराठीत जमाखर्च जाहीर करावा, प्रश्नांना लेखी उत्तर द्यावे, उत्तर न दिल्यास कुणाकडे जायचे तेही सांगावे, असा आदेश तो आपल्या सहीने काढू शकतो. पुढचा बिशप तो मागे घेईल? घेऊ शकेल. मात्र तेव्हा त्याला ते लोकांसमोर उघडपणे घ्यावे लागेल. सिनडच्या अंमलबजावणीचा आढावा घ्यायला ऑक्टोबर २०२८ मध्ये रोमला सभा भरायची आहे. तिथे इथल्या धर्मप्रांतांकडून जे अहवाल जातील, त्यांत किती बैठका झाल्या याचे आकडे असतीलच. किती धर्मग्रामांनी आपला जमाखर्च लोकांना दिला, तो आकडा असतो का ते मी आधी बघेन.