बिब्बा, दोरा आणि ईमान



बिब्बा आपल्या सर्वांच्या ओळखीचा आहे. भिवंडीसारख्या कापडाच्या शहरात तर तो अधिकच ओळखीचा. कारण परीट कपड्यांवर खूण करीत ती बिब्ब्याच्या काळ्या रसाने, आणि कितीही धुतले तरी ती खूण जात नसे. हाच बिब्बा शुद्ध करून वैद्य औषधात वापरतात. त्याचा कच्चा रस अंगाला लागला तर फोड उठतात. आणि हाच बिब्बा लिंबू-मिरच्यांबरोबर ओवून दुकानाच्या दारावर, रिक्षाला, यंत्रमागाच्या कारखान्यात टांगला जातो. वस्तू एकच, पण तिच्याकडून आपल्या अपेक्षा तीन. खूण करताना आणि औषधात बिब्बा त्याच्या अंगच्या गुणाने काम करतो. दारावर मात्र आपण त्याला पहारेकरी नेमलेले असते. हा अधिकार त्याला कोणी दिला?

प्रश्न एकट्या बिब्ब्याचा नाही. काळा दोरा, गाठी मारलेला गंडा, लोबानाचा धूर, केशराने लिहून पाण्यात धुतलेली अक्षरे, आयती कोरलेला पितळी कटोरा, हे सारे आपल्या समाजात पिढ्यानपिढ्या चालत आले आहे. जाफर शरीफ यांच्या ‘कानून-ए-इस्लाम’ या ग्रंथात दख्खनच्या मुसलमानांचे ताईत आणि गंडे यांची सविस्तर वर्णने आहेत. हर्क्लॉट्स यांनी १८३२ मध्ये तो इंग्रजीत प्रसिद्ध केला. म्हणजे सवय जुनी आहे. परंतु एखादी सवय जुनी आहे, एवढ्यावरून ती योग्य ठरत नाही.

इस्लामने वस्तूंचा कधी तिरस्कार केला नाही, हे प्रथम ध्यानात घेतले पाहिजे. पवित्र कुरआनाच्या सूरह अन्-नह्लमध्ये मधात लोकांसाठी आरोग्य असल्याचे सांगितले आहे. उपचार करा, कारण अल्लाहने आजाराबरोबर त्याचा उपायही उतरविला आहे, अशी प्रेषित मुहम्मद (स.) यांची शिकवण आहे. एका रिवायतीत येते, की नमाज पढताना प्रेषितांना (स.) विंचवाने दंश केला. त्यांनी मीठ आणि पाणी मागवले, दंशाची जागा त्याने चोळली आणि कुरआनातील लहान सूरह पढल्या. या प्रसंगात किती बोध आहे पाहा! वेदनेसाठी मीठ-पाणी, आणि अल्लाहसाठी प्रार्थना. पढण्यामुळे औषध सुटले नाही आणि औषधामुळे पढणे सुटले नाही. मिठाला कोणी रक्षणकर्ता मानले नाही.

काबागृहातील काळ्या दगडाचे चुंबन घेताना आदरणीय उमर (रजि.) यांनी जे उद्गार काढले, त्यांचा आशय असा, की हा दगड ना नफा देऊ शकतो ना नुकसान, प्रेषितांनी (स.) त्याचे चुंबन घेतले म्हणून मी घेतो. ज्या दगडाचा सारे मुसलमान आदर करतात, त्याच्याविषयी ही स्पष्टता, तर बाजारात मिळणाऱ्या दोऱ्याची काय कथा?

यावर अनेक जण म्हणतात, “पण मौलाना, गुण आला ना!” या ‘गुण आला’ शब्दांची नीट तपासणी केली पाहिजे. महाराष्ट्रात कावीळ ‘उतरविणारे’ गावोगाव आहेत. ते रुग्णाच्या हातावर चुन्याचे पाणी चोळतात, पाणी पिवळे होते आणि कावीळ उतरली असे सांगितले जाते. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कार्यकर्त्यांनी ही युक्ती उघड करून दाखविली आहे: चोळणाऱ्याच्या हाताला आंब्याच्या सालीचा रस आधीच लावलेला असतो आणि चुन्याशी मिळताच तो पिवळा होतो. विषाणूमुळे होणारी कावीळ पुष्कळदा विश्रांतीने काही आठवड्यांत आपोआप ओसरते. श्रेय मात्र चुन्याला मिळते. हीच कावीळ गर्भवती स्त्रीला झाली तर जिवावर बेतू शकते. तिथे चुन्यात घालविलेला एकेक दिवस कोणाच्या हिशेबी जमा होणार?

आदरणीय अब्दुल्लाह बिन मसऊद (रजि.) यांच्या पत्नीनेही असेच म्हटले होते, की मंतरल्यावर माझा डोळा शांत होत असे. त्यांनी तो सैतानाचा खेळ ठरविला, गळ्यातील दोरा तोडला आणि शिफा मागण्याची प्रेषितांची (स.) दुआ शिकविली. आराम वाटणे हा दोऱ्याच्या सामर्थ्याचा पुरावा नव्हे, हे त्यांनी ओळखले होते.

केवळ कुरआनी आयती लिहिलेल्या ताविजाबाबत उलमांमध्ये पूर्वीपासून मतभेद आहेत. काहींनी अटींसह परवानगी दिली, काहींनी तेही टाळावे असे म्हटले. तो वाद येथे उकरून काढायचा नाही. परंतु ज्यांनी परवानगी दिली, त्यांनीही ताविजालाच तारणहार मानण्याची किंवा त्यासाठी औषध सोडण्याची मुभा कधी दिली नाही.

आपल्या शहरात हा मुद्दा जीवन-मरणाचा आहे. कापसाचे तंतू उडणारे कारखाने, एका खोलीत दाटीने राहणारे कारागीर; तेथे क्षयाचा खोकला एकापासून दुसऱ्याला लागतो. त्याचे औषध सरकारी केंद्रात मोफत मिळते, पण ते सहसा किमान सहा महिने न चुकता घ्यावे लागते. गळ्यात काही बांधले आणि दोन महिन्यांत बरे वाटले म्हणून औषध सोडले, तर रोग अधिक चिवट होऊन परततो आणि घरातील लेकरांनाही गाठतो.

२० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची हत्या झाली. त्यानंतर काही दिवसांतच जादूटोणाविरोधी अध्यादेश निघाला आणि डिसेंबरात विधिमंडळाने कायदा संमत केला. साप, विंचू वा कुत्रा चावलेल्या माणसाला वैद्यकीय उपचारापासून रोखून गंडेदोरे करणे हा त्यानुसार गुन्हा आहे. त्यात मुसलमानाने बिचकण्यासारखे काय आहे? ज्या प्रेषितांनी (स.) दंशावर मीठ-पाणी मागवले, त्यांच्या उम्मतीला ही गोष्ट नवी वाटू नये.

आणखी एक हानी आहे, जी दवाखान्यात दिसत नाही. उंबऱ्याशी लिंबू सापडते, उशीत टाचणी सापडते आणि ‘करणी’ कोणी केली याचा शोध सुरू होतो. संशय जातो जावेवर, सुनेवर, शेजारणीवर. सूरह अल्-हुजुरातने पुष्कळशा संशयांपासून दूर राहण्याची आज्ञा दिली आहे. लिंबाने कोणाचे वाईट होवो न होवो, त्यावरून घेतलेल्या संशयाने नाती निश्चित तुटतात.

म्हणून, वाचकहो, वस्तू हाती घेताना स्वतःला विचारा: हिचा गुण कोणता, तो उघड सांगता येतो का, तो सर्वांना सारखा लागू पडतो का? उत्तर होकारार्थी असेल तर ती औषध आहे, निःसंकोच घ्या आणि अल्लाहचे नाव घेऊन घ्या. उत्तर केवळ ‘विश्वास ठेवा’ असे मिळाले, तर थांबा. तो विश्वास ज्याच्यावर ठेवायचा, तो अल्लाह आहे. वस्तू त्याची निर्मिती आहे आणि निर्मिती म्हणूनच ती आपल्या उपयोगाची आहे.

अल्लाह आपल्या आजाऱ्यांना शिफा देवो, आपल्या घरांना संशयापासून वाचवो आणि आपली श्रद्धा निर्मळ ठेवो. आमीन.